पाणी कुठवर येईल?

२८ नोव्हेंबर १९४५ च्या पहाटे, साडेतीनच्या सुमारास, मकरानच्या किनाऱ्यालगत अरबी समुद्राच्या तळाशी ८.१ तीव्रतेचा भूकंप झाला. त्याने उठवलेल्या लाटा सकाळी सव्वाआठच्या आसपास मुंबईला पोचल्या. इथे लाटेची उंची दोन मीटरच्या घरात होती. जुहूला आणि दांड्याला नांगरलेल्या होड्या दोर तोडून सुटल्या, वर्सोव्याला मासेमारी करणारे पाच जण वाहून गेले. मुंबईत एकूण पंधरा बळींची नोंद आहे. त्यानंतर तीनच आठवड्यांनी, १९ डिसेंबरला, पेडर रोडवरच्या ‘केनिलवर्थ’ बंगल्यात होमी भाभांच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे मुंबईत उद्घाटन झाले. भारताच्या अणुकार्यक्रमाचे बीज तिथले. या दोन घटनांचा त्या वेळी एकमेकींशी काडीचाही संबंध नव्हता. पुढच्या पासष्ट वर्षांत तो कसा जोडला गेला, ते या प्रकरणात पाहू.

ट्रॉम्बेत काय आहे, काय नाही

ट्रॉम्बेच्या एका अंगाला डोंगर, दुसऱ्या अंगाला ठाण्याची खाडी आणि समोर पाण्यात घारापुरीचे बेट. १९५४ साली इथे अणुऊर्जा आस्थापना उभी राहू लागली तेव्हा हा भाग मुंबईच्या गजबजाटाबाहेरच होता. ४ ऑगस्ट १९५६ रोजी ‘अप्सरा’ सुरू झाली. सोव्हिएत संघ वगळता आशियातली ही पहिली अणुभट्टी. तिचे इंधन पाण्याने भरलेल्या खोल हौदात सोडलेले असे. १९६० मध्ये ४० मेगावॉटची ‘सायरस’ आली, १९८५ मध्ये १०० मेगावॉटची ‘ध्रुव’. मधल्या काळात, भाभांच्या अपघाती निधनानंतर, १९६७ मध्ये या आस्थापनेला त्यांचे नाव देण्यात आले आणि ती भाभा अणुसंशोधन केंद्र झाली.

मुंबईत राहणाऱ्या कित्येकांचा समज असतो की ट्रॉम्बेत अणुवीज तयार होते. तसे नाही. ट्रॉम्बेला वीज बनते ती टाटांच्या औष्णिक केंद्रात. भाभा केंद्रातल्या अणुभट्ट्या संशोधनासाठी, समस्थानिके तयार करण्यासाठी आणि देशाच्या सामरिक कार्यक्रमासाठी आहेत. वीज बनवणारे सगळ्यांत जवळचे अणुकेंद्र तारापूरचे, मुंबईच्या उत्तरेला सुमारे शंभर किलोमीटरवर, पालघर जिल्ह्यात.

तरीही अणुवीज केंद्र आणि निसर्गाचा कोप हा विषय निघाला की ट्रॉम्बेपासूनच सुरुवात करावी लागते. देशातली अणुवीज केंद्रे चालवणाऱ्या भारतीय अणुऊर्जा महामंडळाचे मुख्यालय ट्रॉम्बेला लागून असलेल्या अणुशक्तिनगरात आहे. या केंद्रांना परवाना देणारे आणि तो रोखू शकणारे अणुऊर्जा नियामक मंडळही अणुशक्तिनगरातच, ‘नियामक भवना’त बसते. देशभरातल्या किरणोत्साराची पातळी सतत मोजणारे जाळे भाभा केंद्राने उभारलेले. त्यामुळे देशात कुठल्याही केंद्रात पाणी शिरले की त्याचा अहवाल शेवटी ट्रॉम्बेच्या डोंगराच्या पायथ्याशी येतो. तो वाचून पुढे काय केले जाते, हा खरा प्रश्न आहे.

बंद केलेली अणुभट्टी बंद नसते

गॅस बंद केला की तवा थोड्या वेळाने निवतो. अणुभट्टीचे तसे नाही. नियंत्रक दांडे आत सोडले की विखंडनाची साखळी काही सेकंदांत तुटते, पण तोवर इंधनात साठलेली किरणोत्सारी द्रव्ये आपापल्या गतीने विघटित होत राहतात आणि त्यातून नवी उष्णता निघत राहते. भट्टी बंद केल्याच्या क्षणी ही उष्णता पूर्ण क्षमतेच्या सहा-सात टक्के असते. तासाभरात ती दीड टक्क्याच्या आत येते, दिवसाने अर्ध्या टक्क्याच्या आसपास. टक्केवारी किरकोळ वाटते, पण मूळ आकडा मोठा असतो. सुमारे २,४०० मेगावॉट उष्णता निर्माण करणारी भट्टी बंद केल्यावर दुसऱ्या दिवशीही दहा-बारा मेगावॉट उष्णता देत असते. ती वाहून नेली नाही तर पाणी उकळून उडून जाते, इंधन उघडे पडते, त्याचे झिर्कोनियमचे आवरण वाफेशी अभिक्रिया करू लागते आणि हायड्रोजन तयार होतो. त्यापुढे इंधन वितळते.

उष्णता वाहून न्यायला पाणी लागते, पाणी फिरवायला पंप लागतात आणि पंपांना वीज. केंद्र बंद असल्यामुळे स्वतःची वीज नसते, म्हणून ती बाहेरून घ्यायची. बाहेरची गेली तर डिझेल जनरेटर, तेही गेले तर बॅटऱ्या. अणुकेंद्राची सगळी भिस्त या साखळीवर असते. भूकंपाला किंवा पुराला अणुभट्टीचे जाड काँक्रीट फोडावे लागत नाही, स्विचगियरच्या, म्हणजे वीज वाटणाऱ्या यंत्रणेच्या, खोलीत पाणी शिरले तरी पुरे.

वीज पूर्ण गेल्यावर काय होते, ते भारताने निसर्गाचा हात नसतानाही पाहिले आहे. ३१ मार्च १९९३ रोजी उत्तर प्रदेशातल्या नरोरा केंद्रात टर्बाइनची पाती तुटली, हायड्रोजन आणि तेल पेटले, आगीत केबल जळल्या आणि जवळपास सतरा तास एक युनिट विजेविना राहिले. कर्मचारी हातात बॅटरी घेऊन अंधारात अणुभट्टीच्या इमारतीवर चढले आणि त्यांनी हाताने झडपा उघडून बोरॉनचे द्रावण आत सोडले, म्हणजे साखळी पुन्हा पेट घेणार नाही. आग विझवायचे डिझेल पंप लावून बाष्पजनकांत पाणी ओतले गेले. जड पाण्याच्या या भट्टीत पंप बंद असतानाही गरम पाणी वर आणि थंड पाणी खाली असा प्रवाह आपोआप चालू राहतो. त्याने साथ दिली आणि इंधन वाचले.

काक्रापारची रात्र

निसर्गाने अणुकेंद्रात शिरल्याचे भारतातले पहिले ठळक उदाहरण महाराष्ट्राच्या सीमेपलीकडे, दक्षिण गुजरातेत घडले. नवापूर ओलांडले की व्यारा लागते. त्या तालुक्यात मोतीचेर तलावाशेजारी काक्रापार अणुवीज केंद्र आहे. १९९४ च्या जूनमध्ये तिथले पहिले युनिट तयार होते, दुसऱ्याचे काम अखेरच्या टप्प्यात होते.

१५ आणि १६ जूनला दक्षिण गुजरातेत धो धो पाऊस झाला. तलावाची पातळी चढू लागली. जास्तीचे पाणी सोडायचे दरवाजे उघडायला गेले, तर ते उघडेनात. मग पाण्याने स्वतःची वाट शोधली. केंद्रातून पाणी बाहेर नेण्यासाठी बांधलेल्या मार्गांतून ते उलट आत यायला लागले आणि केबल नेण्यासाठी खणलेल्या चरांच्या तोंडांशी जिथे बुजवणी कच्ची होती, तिथून टर्बाइनच्या इमारतीत उतरले. सकाळच्या पाळीला आलेल्या कामगारांना छातीभर पाण्यातून जावे लागले. केंद्रात आणीबाणी जाहीर झाली. तलावाचे पाणी अखेर उतरले ते आजूबाजूच्या गावकऱ्यांमुळे. आपली घरे बुडतील या भीतीने त्यांनी तलावाचा बांध फोडला आणि पाण्याला वाट करून दिली.

अणुभट्टी आधीच काही महिने बंद होती, म्हणून इंधनात फारशी उष्णता उरलेली नव्हती. नशिबाचा हा भाग वगळून उरलेली गोष्ट पाहायला हवी. पूर आला तो नदीतून नव्हे, केंद्राला थंड ठेवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या तलावातून. तो भिंत ओलांडून आला नाही, केबलच्या चरातून आला. पाणी सोडायची यंत्रणा नेमकी गरजेच्या वेळी अडली. आणि उपाय केला तो आराखड्यात नाव नसलेल्या माणसांनी.

पाच वर्षांनी फ्रान्समध्ये जवळजवळ हीच गोष्ट पुन्हा घडली. २७ डिसेंबर १९९९ च्या रात्री मोठ्या वादळाने जिरोंद नदीच्या मुखाशी असलेल्या ब्लाये केंद्राच्या बंधाऱ्यावरून लाटा आत टाकल्या. वादळाने बाहेरची वीजही विस्कळीत केली. पाणी जमिनीखालच्या बोगद्यांतून, केबल आणि पाइप जिथून भिंत ओलांडतात त्या छिद्रांतून पंपांपर्यंत पोचले. फ्रान्सने त्यानंतर आपल्या सगळ्या केंद्रांचे पुराचे हिशेब नव्याने मांडले. काक्रापार आणि ब्लाये यांच्यात हजारो किलोमीटरचे अंतर, भट्ट्यांची जात वेगळी, पाण्याचा उगम वेगळा. पाणी आत येण्याची वाट मात्र एकच.

कल्पाक्कम: सराव परीक्षा

२६ डिसेंबर २००४ च्या सकाळी सुमात्रा बेटाजवळच्या भूकंपाची सुनामी तमिळनाडूच्या किनाऱ्यावर आली. चेन्नईच्या दक्षिणेला कल्पाक्कमच्या मद्रास अणुवीज केंद्रात त्या वेळी दुसरे युनिट चालू होते, पहिले दुरुस्तीसाठी बंद होते. समुद्राचे पाणी ओढून घेणाऱ्या पंपघरात पातळी एकाएकी वाढली आणि थंड पाण्याचे मोठे पंप बुडाले. कंट्रोल रूममधल्या चालकांनी टर्बाइन आणि अणुभट्टी बंद केली. बाहेरची वीज चालू राहिली, त्यामुळे भट्टी थंड ठेवता आली आणि २ जानेवारी २००५ ला ती पुन्हा सुरू झाली. शेजारी शीघ्र प्रजनक अणुभट्टीच्या पायाचा खड्डा मात्र समुद्राच्या पाण्याने भरला, आणि केंद्राच्या वसाहतीत व आसपासच्या कोळीवाड्यांत अनेकांचे जीव गेले.

या घटनेनंतर हैदराबादला भारताचे सुनामी इशारा केंद्र उभे राहिले आणि २००७ पासून ते काम करू लागले. कल्पाक्कमचे उदाहरण पुढे बऱ्याचदा ‘आमची केंद्रे सुनामीतही सुरक्षित राहिली’ असे सांगण्यासाठी वापरले गेले. ते खरे आहे, पण अर्धे. तिथे मुख्य इमारतींची जमीन उंच होती आणि वीज गेली नाही. म्हणजे साखळीतली एक कडी तुटली, बाकीच्या शाबूत राहिल्या. सगळ्या कड्या एकदम तुटल्या तर काय, हे दिसायला आणखी सहा वर्षे जायची होती.

फुकुशिमा: कागदावरची उंची

११ मार्च २०११, जपानच्या वेळेनुसार दुपारी २ वाजून ४६ मिनिटे. ९.० तीव्रतेचा भूकंप झाला तेव्हा फुकुशिमा दाइइची केंद्रातल्या सहापैकी तीन भट्ट्या चालू होत्या. तिन्ही आपोआप बंद झाल्या. बाहेरची वीज गेली, डिझेल जनरेटर सुरू झाले. इथवर सगळे ठरल्याप्रमाणे. सुमारे पन्नास मिनिटांनी सुनामी आली.

या केंद्राच्या उंचीचा इतिहास समजून घेण्यासारखा आहे. मूळ जागा समुद्रापासून सुमारे ३५ मीटर उंच कड्यावर होती. बांधताना कडा कापून पहिल्या चार युनिटांची जमीन १० मीटरवर आणली गेली. खाली पक्का खडक होता आणि समुद्राचे पाणी वर चढवण्याचा खर्चही वाचत होता. सुनामीची अपेक्षित उंची सुरुवातीला ३.१ मीटर धरली, कारण १९६० च्या चिलीच्या भूकंपाने त्या किनाऱ्यावर तेवढे पाणी आणले होते. पुढे २००२ मध्ये ती ५.७ मीटर केली. प्रत्यक्षात पाणी १४-१५ मीटरपर्यंत चढले. डिझेल जनरेटर आणि स्विचगियर बहुतेक टर्बाइन इमारतींच्या तळघरांत होते. ते बुडाले. पहिल्या दोन युनिटांच्या बॅटऱ्याही बुडाल्या.

कंट्रोल रूममध्ये दिवे गेले आणि काटेही पडले. भट्टीत पाणी किती आहे, हेच कळेना. कर्मचाऱ्यांनी आवारात उभ्या असलेल्या मोटारींच्या बॅटऱ्या काढून आणल्या, त्या एकमेकींना जोडल्या आणि त्यांच्यावर मापके चालवून पाहिली. पहिल्या युनिटचे मापक दाखवत होते की पाणी इंधनाच्या वर आहे. ते चुकीचे होते. आत इंधन वितळायला लागले होते. या युनिटमध्ये विजेशिवाय उष्णता काढून घेणारी एक यंत्रणा होती, आयसोलेशन कंडेन्सर नावाची. पण बॅटऱ्या गेल्यावर तिच्या झडपा बंद झाल्या आणि ती चालत नाही हे बराच वेळ कोणाच्या लक्षात आले नाही. ती प्रत्यक्ष चालवून पाहण्याचा अनुभवही त्या पाळीतल्या कोणाला नव्हता.

१२ मार्चला पहिल्या युनिटमध्ये, १४ ला तिसऱ्यात आणि १५ ला चौथ्याच्या इमारतीत हायड्रोजनचे स्फोट झाले. तीन भट्ट्यांचे इंधन वितळले. दीड लाखाहून अधिक माणसांना घरे सोडावी लागली. किरणोत्साराने झालेल्या मृत्यूंपेक्षा स्थलांतराच्या हालांनी झालेले मृत्यू कितीतरी जास्त. रुग्णालयांतून घाईघाईने हलवलेले अनेक वृद्ध वाटेतच किंवा पोचल्यावर दगावले.

त्याच केंद्रात पाचवे आणि सहावे युनिट वाचले. कारण एकच: सहाव्या युनिटचा एक हवेने थंड होणारा डिझेल जनरेटर उंचावर होता. तो चालू राहिला आणि त्याने दोघांना वीज दिली. भूकंपकेंद्राच्या याहून जवळ असलेले ओनागावा केंद्रही वाचले. तिथे जमीन सुरुवातीपासूनच १४.८ मीटरवर ठेवली होती, कारण इसवी सन ८६९ च्या जोगान सुनामीची आठवण ठेवणारी माणसे आराखडा करणाऱ्यांत होती. तिथे आलेली लाट सुमारे १३ मीटरची. गावे वाहून गेलेले शेकडो लोक त्या दिवशी अणुकेंद्रातच आसऱ्याला आले.

फुकुशिमा चालवणाऱ्या कंपनीलाही जोगानची माहिती होती. २००८ मध्ये तिच्याच अंतर्गत हिशेबात १५.७ मीटर हा आकडा निघाला होता. तो ‘अजून अभ्यास हवा’ म्हणून बाजूला राहिला. जपानी संसदेने नेमलेल्या चौकशी आयोगाने २०१२ मध्ये या अपघाताला मानवनिर्मित म्हटले ते यामुळे. लाट निसर्गाने आणली. ती कुठवर येईल याचा आकडा माणसांकडे होता आणि तो त्यांनी वापरला नाही.

तारापूरला लागलेला आरसा

फुकुशिमाच्या बातम्या आल्या तेव्हा अणुशक्तिनगरात पहिला विचार तारापूरचा होणे स्वाभाविक होते. तारापूरची पहिली दोन युनिटे अमेरिकेच्या जनरल इलेक्ट्रिकची, उकळत्या पाण्याच्या प्रकारची, १९६९ पासून चालू झालेली. फुकुशिमाचे पहिले युनिटही त्याच कंपनीच्या त्याच घराण्यातले, १९७१ चे. दोन्ही समुद्रकाठी.

पंतप्रधानांनी आढावा घ्यायला सांगितले. अणुऊर्जा महामंडळाने भट्ट्यांच्या प्रकारांनुसार चार कृतिदले नेमली आणि नियामक मंडळाने नैसर्गिक आपत्तींपासूनच्या सुरक्षिततेसाठी स्वतंत्र समिती बसवली. त्यांच्या शिफारशी वाचल्या तर काक्रापार, नरोरा आणि फुकुशिमा तिन्ही त्यात दिसतात. भूकंपाची नोंद होताच भट्टी आपोआप बंद व्हावी. बाहेरून होजपाइप जोडून पाणी ओतता येईल अशी तोंडे ठेवावीत. फिरते डिझेल पंप असावेत. सौरऊर्जेवरचे दिवे असावेत. हायड्रोजन साचू नये म्हणून विजेशिवाय काम करणारी उपकरणे बसवावीत. दाब वाढला तर वाफ गाळून सोडण्याची सोय असावी. तारापूर आणि कल्पाक्कमला किनारा-संरक्षण भक्कम करावे.

तारापूरच्या बाजूने दोन गोष्टी सांगितल्या गेल्या. मकरानचा भूकंपप्रवण पट्टा तिथून शेकडो किलोमीटर दूर आहे, त्यामुळे भूकंप आणि सुनामी यांचा दणका एकाच तासात बसणार नाही, इशाऱ्याला वेळ मिळेल. आणि जुन्या युनिटांत विजेशिवाय सुमारे आठ तास उष्णता काढणारी कंडेन्सरची सोय आहे. दोन्ही मुद्दे बरोबर आहेत. फक्त दुसऱ्या मुद्द्याला फुकुशिमाच्या पहिल्या युनिटची पुरवणी जोडायला हवी: अशी यंत्रणा असणे आणि ती अंधारात, काटे पडलेले असताना चालवता येणे, यांत अंतर असते.

जमीनही स्वस्थ नाही. नोव्हेंबर २०१८ पासून डहाणू-तलासरी भागात, धुंदलवाडीच्या आसपास, लहान लहान धक्क्यांची मालिकाच सुरू झाली. धक्के मध्यम किंवा त्याहून लहान आहेत, पण वारंवारता इतकी की कित्येक कुटुंबांनी रात्री घराबाहेर काढल्या. १९६७ साली कोयनेला ६ हून अधिक तीव्रतेचा भूकंप झाला तेव्हा दख्खनचे पठार स्थिर असल्याची समजूत मोडली होती. पालघरने तीच गोष्ट पुन्हा सांगितली.

खुद्द ट्रॉम्बे

आता ट्रॉम्बेचा विचार करू. सायरस ३१ डिसेंबर २०१० ला कायमची बंद झाली. ध्रुवची क्षमता १०० मेगावॉट उष्णतेची. ती बंद केल्यावर दिवसाने उरणारी उष्णता अर्ध्या मेगावॉटच्या आसपास, म्हणजे फुकुशिमाच्या एका मोठ्या युनिटच्या विसाव्या भागाइतकी. हा फरक मोलाचा आहे. थंड ठेवायला वेळ जास्त मिळतो, पाणी कमी लागते. आराखड्यातही गुरुत्वाकर्षणाचा वापर आहे. सायरससाठी उंचावर चेंडूच्या आकाराची पाण्याची टाकी होती, म्हणजे पंप बंद पडले तरी पाणी आपल्या वजनाने भट्टीत उतरेल. ध्रुवमध्ये उंच टाकीतून येणाऱ्या पाण्याच्या जोरावर थंडावणीचे पंप फिरवण्याची सोय केलेली आहे. वीज गेली तरी पाणी उताराकडेच जाणार, यावर विसंबलेली सोय सगळ्यांत भरवशाची.

पण ट्रॉम्बेत फक्त भट्ट्या नाहीत. वापरलेले इंधन आहे, ते पाण्याखाली ठेवावे लागते. १९६० च्या दशकापासून त्या इंधनावर पुनर्प्रक्रिया होते, तिचा कचरा सांभाळावा लागतो. आणि कुंपणाबाहेरचे जग १९५४ चे राहिलेले नाही. माहुलचे तेलशुद्धीकरण कारखाने, खतांचा कारखाना, टाटांचे वीजकेंद्र, चित्ता कॅम्प, मानखुर्द, गोवंडी. आपत्ती आली तर ती या सगळ्यांवर एकदमच येईल आणि बाहेर पडायचे रस्ते मोजकेच.

इथली आपत्ती कोणत्या वाटेने येईल? उत्तर पाऊस आणि उतार. २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझच्या वेधशाळेत चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस मोजला गेला. त्याच दिवशी कुलाब्याला ७३. एकाच शहरातले दोन आकडे, एक दुसऱ्याच्या बारापटीहून जास्त. आराखडा करणारा इंजिनीअर कुलाब्याची शंभर वर्षांची नोंद घेऊन बसला असता, तर उपनगरांत काय कोसळू शकते याचा त्याला पत्ताही लागला नसता. १८ जुलै २०२१ च्या पहाटे चेंबूरच्या वाशीनाक्याजवळ भारतनगरात, ट्रॉम्बेच्या याच डोंगराच्या उतारावर, पाणी आणि माती यांच्या रेट्याने भिंत झोपड्यांवर कोसळली. १९ जण गेले. त्यात अधिक भर उधाणाच्या भरतीची: खाडी फुगलेली असली की नाल्यांचे पाणी उतरत नाही, काक्रापारच्या अडलेल्या दरवाजांसारखेच ते मागे फिरते.

विचारायचे कोणी?

नियामक मंडळ १९८३ मध्ये स्थापन झाले ते सरकारी आदेशाने, संसदेच्या स्वतंत्र कायद्याने नव्हे. २००० साली भाभा केंद्रातल्या सुविधांची सुरक्षा-देखरेख या मंडळाकडून काढून केंद्राच्याच सुरक्षा परिषदेकडे दिली गेली. म्हणजे तारापूर, काक्रापार, कल्पाक्कमच्या पुराचे हिशेब तपासणारे मंडळ अणुशक्तिनगरात बसते, पण शेजारच्या ध्रुवचा हिशेब त्याच्या टेबलावर येत नाही. फुकुशिमानंतर, २०११ मध्ये, नियामकाला कायद्याचे पाठबळ देणारे विधेयक लोकसभेत मांडले गेले. लोकसभेची मुदत संपली आणि ते बारगळले. २०१२ मध्ये महालेखापरीक्षकांनी आपल्या अहवालात नियामकाच्या स्वातंत्र्यावर नेमके बोट ठेवले.

कुंपणाबाहेरची जबाबदारी वेगळ्याच माणसाची आहे. केंद्राबाहेर आणीबाणी पसरली तर लोकांना हलवण्याचा आदेश जिल्हाधिकारी देतो. आयोडीनच्या गोळ्या, बस, शाळांतले तात्पुरते निवारे, सगळे त्याच्या यंत्रणेकडे. त्याच जिल्हाधिकाऱ्याला त्या दिवशी पूर, दरडी आणि बंद पडलेली रेल्वेही पाहायची असते. मॉक ड्रिल मात्र बहुधा कोरड्या, उजेडाच्या दिवशी होते. फुकुशिमाचे सगळ्यांत कमी बोलले गेलेले धडे रस्त्यांचे आणि रुग्णालयांचे आहेत.

१८ एप्रिल २०११ रोजी, फुकुशिमाला सहा आठवडेही झाले नव्हते तेव्हा, कोकणातल्या जैतापूर अणुवीज प्रकल्पाविरोधात साखरी नाटे इथे पेटलेल्या आंदोलनात पोलिसांच्या गोळीबारात एक तरुण मच्छीमार मारला गेला. प्रकल्पाची बाजू सांगणारे तेव्हा म्हणत, प्रकल्पाची जागा असलेला माडबनचा सडा समुद्रसपाटीपासून सुमारे २५ मीटर उंच आहे. हा मुद्दा खरोखर वजनदार आहे, ओनागावा उंचीमुळेच तरले. पण फुकुशिमाचा मूळ कडा ३५ मीटरचा होता, हेही तितकेच खरे. उंची निसर्ग देतो. ती किती कापायची, पंप कुठे बसवायचे आणि जनरेटर कोणत्या मजल्यावर ठेवायचे, ते माणूस ठरवतो.

भारतात अणुवीज केंद्राचा परवाना दर पाच वर्षांनी नवा होतो आणि दर दहा वर्षांनी सगळ्या सुरक्षेचा मुळापासून आढावा घेतला जातो. समुद्राची पातळी वाढते आहे, पावसाचे विक्रम मोडत आहेत, म्हणजे जुना पुराचा आकडा दर आढाव्याला नव्याने सिद्ध करावा लागेल. अशा वेळी सामान्य माणसाने किरणोत्साराचे शास्त्र शिकून येण्याची गरज नाही. जनसुनावणीत चार आकडे मागावेत: पाणी जास्तीत जास्त कुठवर येईल असे धरले आहे आणि कोणत्या नोंदींवरून, इमारतीची जमीन किती उंच आहे, डिझेल जनरेटर आणि स्विचगियर किती उंचीवर आहेत, आणि केबलचे चर भिंत कुठे ओलांडतात. चारही उत्तरे मीटरमध्ये देता येतात, त्यात गुप्त ठेवण्यासारखे फारसे काही नाही. जे केंद्र ती चारचौघांत देते, त्याच्याशी पुढची चर्चा करावी. जे देत नाही, त्याच्याशी आधी तेवढ्यावरच अडून बसावे.